विलंबाचं कारण

कोकण भवनासमोर, झेरॉक्सच्या दुकानाला लागून
माझं टेबल. वर निळी ताडपत्री.
डुगडुगू नये म्हणून एका पायाखाली
घडी घातलेला कागद.

चांगुणा मढवी आल्या तेव्हा
साहेबांची जेवणाची सुट्टी संपत होती.
पिशवीतून त्यांनी आदेश काढला,
प्लास्टिकमध्ये, त्यावर आणखी एक प्लास्टिक,
वर रबर.
"वाच. पोर वाचतंय, पन अर्धाच सांगतंय."

मी पूर्ण वाचला.
अर्जदाराच्या नावे होडी आढळून येत नाही.
जाळे आढळून येत नाही.
परवाना आढळून येत नाही.
सबब अर्जदार मच्छीमार असल्याचे सिद्ध होत नाही.
नुकसानभरपाईचा अर्ज नामंजूर.

त्यांनी दोन्ही हात टेबलावर ठेवले.
"होरीन मी कवा बसलेच नाय.
सुकतीला चिखलान उतराचा, गुडघाभर.
बोटानी बीळ चाचपाचा, निवटी धराची.
त्याचा परवाना कोन देतो?"
बोटांवर पांढऱ्या रेघा होत्या, कालवांनी कापलेल्या.
मी मोजू लागलो आणि थांबलो.
रेघा परिशिष्ट म्हणून जोडता येत नाहीत.

"जिती निवटी आनू काय, साहेबाला दाखवाला?"
पुरावा चालतो, म्हटलं, हलणारा चालत नाही.

मुदत तीस दिवसांची. झाले होते एकाहत्तर.
म्हणजे अपिलाच्या आधी विलंब माफीचा अर्ज
आणि त्यात एक्केचाळीस दिवसांचा हिशेब.
"एकेक दिवसाचा?"
एकेक दिवसाचा, काकू.

तारखा त्यांच्याकडे नव्हत्या. पाणी होतं.
कागद आला तेव्हा अवसेचं उधाण.
भांग लागला तेव्हा सून बाळंत झाली.
अष्टमीला इथं आल्या, साहेब रजेवर.
पुनवेला आल्या, खिडकी बंद.
मग ताप, चार भरत्या.
मी ड्रॉवरमधून कॅलेंडर काढलं,
उधाण-भांगावर तारखा बसवत गेलो.
सतरा दिवस नीट बसले.

उरलेले चोवीस दिवस?
"त्या दिसांनी कामावर गेले. खानार काय?"

मी टाइप केलं:
अपीलार्थी खाडीत मासळी धरण्याच्या कामात असल्याने
मुदतीत हजर राहू शकली नाही.
आणि बोटं किल्ल्यांवरच राहिली.
ज्या कामापायी उशीर झाला
ते काम ही बाई करतच नाही,
असा आदेश आहे.

बावीस वर्षं मी ही कारणं लिहितोय.
आजारपण, लग्नकार्य, पत्ता बदलला, वकील वारले.
इतकं खरं कारण माझ्या टेबलावर आलं नव्हतं.
मी ते अर्जातून उचललं
आणि अपिलातही ठेवलं, पहिला मुद्दा म्हणून.

"सदर आदेशाने व्यथित होऊन,"
मी वाचून दाखवत होतो.
"व्यथित म्हंजे?"
दुखावलेली.
त्या विचार करत राहिल्या. मागे रिक्षावाला हॉर्न वाजवत होता.
"दुखावले नाय मी. मना राग आलाय."
रागाला कलम नाही, काकू.
"मंग ऱ्हाऊ दे तोच."

अंगठा न लावता त्यांनी सही केली,
सात अक्षरं, प्रत्येक वेगळ्या भरतीला काढल्यासारखं.
कोर्ट फीचा स्टॅम्प वाऱ्यानं उडून खाली पडला.
त्या वाकल्या. वर आल्या तेव्हा हातात दोन कागद होते.
"यो कुनाचा?"

माझा. महापालिकेचा.
पदपथावरील अनधिकृत टेबल हटवण्याबाबत.
"कवा आलाय?"
सांगायला मला कॅलेंडर लागलं नाही.
अठ्ठावीस.

त्या काही बोलल्या नाहीत.
स्टॅम्प जिभेनं ओला करून जागेवर दाबला,
दुसरा कागद उलगडून माझ्यासमोर ठेवला,
आणि आवक खिडकीकडे निघून गेल्या.
मी मागून ओरडलो, पोच घ्या, शिक्क्याची पोच!

टेबल डुगडुगायला लागलं होतं.
कोरा कागद सरळ बसेना.