दुअमल

तह झाला. दवंडीवाला सांगून गेला,
निम्मा वसूल जंजिऱ्याला, निम्मा कुलाब्याला,
गाव तेच, खाडी तीच.

मर्जान शेजारी राहायला आला तो त्याआधीच,
एक बकरी, एक पहार
आणि खांद्यावर गुंडाळलेलं जुनं शीड घेऊन.
झापांवर तेच टाकलं त्यानं, वरून दगड.
शीड मी ओळखलं.
कोपऱ्यातलं ठिगळ माझ्याच हातचं,
अंबाडीच्या सुतळीनं, घाईत घातलेलं,
त्या सकाळी राणू घोड्यासारखा खिंकाळत होता,
चला, चला, भरती जाईल.

बोललो नाही.
शिमग्यानंतर ठिगळ उसवलं तेव्हा
शिडी लावून मीच वर चढलो.
तो खालून सुतळी देत होता. म्हणाला,
तुला बरं जमतं रे हे.

दोन कारकून येतात आता, दोन वह्या घेऊन.
गडग्यावरचा माड आमच्यातून उगवून
त्याच्या अंगणात वाकलाय.
कुणाचा, विचारलं की मी म्हणतो, त्याचा.
तो म्हणतो, ह्याचा.
कारकून एकमेकांकडं बघतात,
आणि दोघंही दोन-दोन शहाळी पिऊन जातात.

माझा उजवा कान त्यांच्या बुरुजानं नेला,
त्याचा डावा त्याच्याच तोफेनं.
म्हणून मी नेहमी त्याच्या उजव्या अंगाला बसतो,
तिथून चांगले कान समोरासमोर येतात.
बोंबलांचा भाव, बकरीचं पोट, तिची खोड,
गुडघे, मिठागरावरची मजुरी,
सगळं त्या दोन कानांमधून होतं.
होळीत बांबूचं पेर फुटलं
तेव्हा दोघंही एकाच दमात गडग्याआड वाकलो.
पोरं हसली. आम्हीही हसलो, जरा उशिरानं.

काल तिन्हीसांजेला पानाला चुना लावता लावता
तो म्हणाला,
ज्या गलबताचं हे शीड,
त्यात तुझं कोण होतं का?

मी उठलो. चुन्याची करवंटी सांडली, ती सरळ केली.
मग वळसा घालून
त्याच्या डाव्या अंगाला जाऊन बसलो.

तो बोलला असेल काहीतरी.
मीही बोललो, बराच वेळ,
नाव घेऊन, वय सांगून,
पाठीवरचा तीळसुद्धा सांगितला.
समोर खाजणात पाणी चढत होतं.
पान त्यानं माझ्या हातात दिलं, न बघता.