जामीन राहिलो

कुपवाड फाट्यावर दिलावर नदाफचं टायरचं दुकान.
कॉम्प्रेसरच्या कर्जाला मी जामीन राहिलो.
चहा येईपर्यंत चार सह्या,
पगाराची स्लिप, दोन फोटो.
वाचलं नाही. कोण वाचतं.

मिरजेच्या कब्रस्तानात तीन मुठी माती दिली.
चाळिसाव्याच्या आदल्या दिवशी
पतसंस्थेचा लखोटा शाळेत आला,
हेडसरांच्या टेबलावर.
'कर्जदार मयत. सबब आपण'
एवढंच डोळ्यांत राहिलं.

वकील कुंभोजकर म्हणाले,
संयुक्त आणि वैयक्तिक.
म्हणजे त्याचं तेच तुमचं.
आधी भरा, मग वारसांकडून वसूल करा,
कायदा तुमच्या बाजूने आहे.

वारस म्हणजे शमशाद
आणि आठवीतला इरफान,
परवा आमच्याच प्रयोगशाळेत परीक्षानळी फोडलेला.
(दंड वीस रुपये. मी लिहिला नव्हता.)

तो गेला,
मी राहिलो.
जामीन.

पगारातून सत्तावीसशे कापतात आता.
घरी सांगितलंय, सोसायटीचा हप्ता वाढला.

काल सायकल पंक्चर.
पोरानं ट्यूब घमेल्यात बुडवली,
बुडबुडा शोधला, कॉम्प्रेसर सुरू केला.
पैसे घेईना.
त्या धडधडीत मी काही बोललो असतो
तरी ऐकू गेलं नसतं.
बास, म्हटलं,
फार हवा भरू नकोस.