सांधा

एरंडवण्यातलं तळघर, एसी सोळावर.
बाहेर ऋतू कोणता चाललाय
ते चहा आणणाऱ्या सुदामच्या अंगावरून कळतं.

सुरुवात कागद-काच-पत्रा वेचणाऱ्या बायांपासून केली होती.
येरवड्याच्या हौसाबाई पोतं उतरवून
एकोणचाळीस सेकंद काहीच बोलल्या नाहीत.
मी ते कापलं नाही.
तेव्हा फ्लॅटचे हप्ते नव्हते.

मग गाण्याचे, स्वयंपाकाचे, लग्नं जुळवायचे शो.
मंगळवारचं रडू शनिवारच्या निकालाला जोडलं,
परीक्षकाची भुवई
दुसऱ्याच कुणासाठी वर गेलेली.
सांधा दिसत नाही,
एवढंच काय ते माझं नाव.

परवा पौड फाट्यावर, रसवंतीत
केतकी ढमढेरे शेजारी उभी.
चौथ्या आठवड्यात बाद झालेली.
मला ती पाठ आहे:
खोटं हसायच्या आधी
खालचा ओठ आत घेते.
ती मला ओळखत नाही.

"ताई, तुम्ही टीव्हीवर रडला होतात ना?"
रसवाल्यानं विचारलं.
"ते त्या दिवशीचं नव्हतं," म्हणाली,
आणि मग गप्प.

चरक फिरत होता. मी मोजत होते.
आठव्या सेकंदाला
गार ग्लासावर माझं बोट
आपोआप दाबलं गेलं.