द्विदल

शुक्रवारी आलात तुम्ही, डोरीनबाई,
तेही मुलीनं ओरडून आणलं म्हणून.
बुधवारपासून दुखत होतं, जबड्यात, पोटाच्या वरच्या अंगाला,
आणि दोष दिलात व्हिनेगरातल्या कांद्यांना.
स्टेंट बसला, रक्त वाहतं झालं.
सोमवारी टोस्टच्या कडासुद्धा खाल्ल्यात
आणि नर्सला म्हणालात, ह्याला चहा म्हणायचं का?

मंगळवारी पहाटे चारला मला बोलावणं.

ग्रिम्सबीत त्या वेळी माशांचा बाजार जागा होतो.
मासा आता आइसलँडहून कंटेनरातून येतो,
गोदीतल्या बोटी मोजायला एक हात पुरतो.
हे तुम्हीच सांगितलं होतं शनिवारी, पहिल्या इकोला.
पंधराव्या वर्षापासून जाळी विणायचात
मागच्या दाराच्या कडीला दोर अडकवून;
डझनाला किती पेनी, ते अजून बोटांना पाठ.
मग पडद्याकडे बघत विचारलंत,
"ही फडफडते ती झडप, तुझ्या भाषेत काय गं?"
द्विदल, म्हटलं, आणि मलाच हसू आलं:
तुरीलाही आम्ही तेच म्हणतो.
"आणि तिच्या दोऱ्या जिथं बांधल्यात, तो कोंब?"
त्याला शब्द नव्हता माझ्या आठवीच्या पुस्तकात.
लॅटिनवाल्यांना त्यात स्तनाचं बोंड दिसलं.
मी काजूचं बोंड समजवायला गेले,
त्याचा रंग, वास, जिभेला बसणारी ओढ,
तोवर जेल सुकलं तुमच्या बरगडीवर.

आता तुम्ही बसून आहात, पाठ टेकवत नाही.
ओठांशी गुलाबी फेस.
इफेओमा, रात्रीची डॉक्टर, स्टेथोस्कोप सरकवते,
पुन्हा सरकवते. "काहीच ऐकू येत नाही," म्हणते.
फट असली की वारा शीळ घालतो.
दारच बिजागरीसकट गेलं
की घरातून मुकाट जातो.

प्रोब ठेवला.
मागच्या भिंतीवरचं, एकाच धमनीवर पोसलेलं,
दोन दिवस उपाशी राहून मऊ पडलेलं
ते बोंड तुटलं होतं.
दोऱ्या शाबूत होत्या. हेच बघवेना.
एकही तुटली नव्हती; खुंटीच उपटली होती
आणि दोऱ्यांच्या टोकाला लोंबत
दर ठोक्याला वरच्या कप्प्यात उडत होती,
जाळीत गुंतून राहिलेल्या भोवऱ्यासारखी.

तुम्ही पडद्याकडे नाही, माझ्याकडे पाहिलंत.
तंत्रज्ञानं चेहऱ्यावर काही दाखवायचं नसतं.
मी पडद्याचा उजेड कमी केला, गरज नसताना.

ऑपरेशन नदीपलीकडे.
हंबरवरचा पूल तारांना टांगलेला,
त्या रात्री वाऱ्यामुळे उंच गाड्यांना बंद.
अँब्युलन्स उंच धरायची की नाही
ह्यावर इफेओमा फोनवर सात मिनिटं भांडली.
मी? मी टिश्यूनं जेल पुसलं,
गार लागलं असेल, सॉरी म्हटलं.
तुमच्या बोटांनी माझ्या बोटाभोवती काहीतरी केलं,
एक वळसा, एक ओढ.
गाठ असेल. किंवा श्वास पुरत नव्हता, एवढंच.

पलीकडच्या हॉस्पिटलचा कॉम्प्युटर आमच्याशी बोलत नाही.
पुढच्या सोमवारी तुमची मुलगी आली,
राहिलेला चष्मा न्यायला.
नवी झडप गाईची आहे म्हणाली,
घशात नळी आहे अजून, बोलता येत नाही,
पण वहीवर एकच शब्द लिहून दाखवते सारखा:
बी, ओ, एन, डी.
"मी घरी जाऊन सगळे खण उपसले.
प्रीमियम बाँडचे कागद कुठंच नाहीत.
आईनं कधी घेतले होते, कुणास ठाऊक."

मी तिला खुर्ची दिली,
आणि आधी स्वतःच बसले.