तीनशे पंचाहत्तर बैसा

साठावा हप्ता कापला गेला त्याला चार महिने झाले,
तरी मुल्कियावर माझ्या नावाखाली बँकेचं नाव,
भाडेकरू सोडून गेल्यावरही
दारावर राहिलेल्या पाटीसारखं.

बँकेतला हैथम म्हणाला, पत्र नाही देता येत,
बाकी आहे.
किती?
त्यानं स्क्रीन माझ्याकडे वळवला.
तीनशे पंचाहत्तर बैसा.
कसलं तरी शुल्क, कुठल्याशा जूनमधलं,
मला न सांगता येऊन बसलेलं.
सोहारमध्ये एवढ्यात दोन कप करक येतो.

पर्समध्ये पन्नास रियालची एकच नोट.
सुट्टे नाहीत, म्हणाला.
बँकेत!

ऑगस्टची दुपार. दाराची मूठ ओढणीनं धरून उघडली.
आत पाच वर्षांचा वास:
डेटॉल, वेलची, तापलेलं प्लास्टिक.
ॲशट्रे ओढला. सिगारेट कुणी कधी ओढली नाही,
त्यात जेसम्मा आणि मारिविक पैसे टाकायच्या,
रात्रपाळीहून परतताना, पेट्रोलचे म्हणून,
मी नको नको म्हणत असताना.
मारिविकचं कॉन्ट्रॅक्ट संपलं गेल्या रमजानात.
तिच्या नोटा अजून होत्या,
घड्या घालून घालून बोटाएवढ्या केलेल्या,
शंभराच्या तीन, एक पन्नासचं नाणं,
आणि च्युइंगमच्या कागदाला चिकटलेलं पंचवीसचं.

बरोब्बर.

हैथमनं कागद सोलून नाणं काढलं,
मोजलं, पुन्हा मोजलं,
आणि पत्रावर शिक्का मारला
तो इतका हळू की आवाजही आला नाही.
मी आवाजासाठी थांबले होते.

ट्रॅफिक ऑफिसात बायकांच्या खिडकीवर जुवैना.
पत्र वाचून शेजारणीला म्हणाली, फक्क रहन.
मला ऐकू आलं: राहणं.

अकरा वर्षं झाली, कानाची खोड जात नाही.
अरबी शब्द आत येतो, चपला काढतो,
आणि मराठी होऊन पाटावर बसतो.
मुल्किया म्हणजे मालकी, हे पहिल्याच दिवशी कळलं होतं.
रहन म्हणजे गहाण, तेही माहीत होतं.
पण फक्क रहन,
राहण्यातून सोडवणं,
असं आज पहिल्यांदा बसलं पाटावर
आणि उठेना.

गाडीचं ठीक आहे.
माझ्या स्वतःच्या कार्डावर, फोटोशेजारी,
अजून हॉस्पिटलचं नाव आहे.
त्याचा हप्ता कोणत्या तारखेला कापतात,
साठावा कधी येतो,
ते पत्र कुठल्या खिडकीवर मिळतं,
हे जुवैनाला विचारावंसं वाटलं.
तिनं खजुराचा डबा पुढे केला.
मी दोन घेतले.

नवं कार्ड यंत्रातून कोमट बाहेर आलं.
त्या ओळीत आता काहीच नाही.
नखानं खरवडून पाहिलं,
खालून काही निघतं का.

या आवारामागेच ते ड्रम.
एक्केचाळिसाव्या वर्षी मी तीनदा पाडले होते,
उलटी गाडी घेताना. चौथ्यांदा
एक नुसता हलला, पडला नाही,
आणि पोलिसानं आकाशाकडे पाहत
हो म्हटलं.

संगमेश्वरला बहिणीला फोन केला.
शालन, गाडी सुटली.
सुटली? ती ओरडली. कुणी धरली होती?
कुणी नाही गं, म्हटलं.
मग काय बोलावं सुचेना,
तिकडे कुकरची शिट्टी झाली, तिनं फोन ठेवला.

किल्ली फिरवली.
पेट्रोलचा पिवळा दिवा लागला.
ॲशट्रे रिकामा.
जेसम्माची पाळी आठला सुटते,
तोवर एसी लावून बसले
माझ्या गाडीत.