हातचा

आठ आणि सात पंधरा.
पाच मांडायचे, एक हातचा.
त्या एकाला पाटीवर घर नसायचं.
भोजेबाई म्हणत, मुठीत धर, सांडू नको.

निपाणीत आमच्या बोळात
रिकामा हात मी पाहिला नाही.
आक्काताई मांडीवर सूप घेऊन विड्या वळायची,
हजारावर वीस-पंचवीस जास्तच,
मुकादम छाटात काढणार हे धरून.
हे हातचे गं, म्हणायची.
वहीत ते कधीच चढले नाहीत.

मुकादमही हातचं राखूनच बोलायचा.
बोनसचं विचारलं की
चष्मा पुसत बसायचा बराच वेळ.

पाचवीत कन्नड शाळेत घातलं.
बेरीज येत होती, शब्द अडला.
शेजारची शिवलीला कुजबुजली,
कैयाग वंदु.
हातात एक.
मी तिच्या हाताकडे बघितलं.
शाईचा डाग, आणि चिंचेचा चिकटा.

आता पतसंस्थेत खाती जुळवते.
कॅल्क्युलेटरला हातचा लागत नाही,
तरी दहा ओलांडले की
माझी डावी मूठ मिटते.

काल आक्काताईला पेन्शनसाठी नेलं.
यंत्रावर अंगठा ठेवला,
मग दुसरा, मग एकेक बोट, पदराला पुसून पुसून.
पानांनी आणि दोऱ्यानं रेषा कधीच नेल्या होत्या.
कैयाग एनू इल्ल री, पोरगा म्हणाला,
वाईट नव्हता, नुसता कंटाळला होता.

काय म्हणतोय, तिनं विचारलं.
मी म्हटलं,
सोमवारी परत या म्हणतोय.