नऊ सेकंद

नऊ सेकंदांचा तुकडा, चाळीस वेळा.
रंजू मोटघरे बादली उचलते,
कुलरच्या टाकीत ओतते,
कोपरानं कपाळ पुसते,
डावीकडे बघते.
मग पुन्हा बादली.

आवाज ठेवला नाही मी.
पाचपावलीतलं मागचं दार, मे महिना,
सकाळी सातलाच पांढरं पडलेलं ऊन.

दाखवली खामल्यात,
शिकवणी वर्गाच्या वरच्या खोलीत.
अठ्ठावीस खुर्च्या, एकोणीस माणसं,
खिडकीत घरमालकाचा कुलर,
वाळ्याच्या ओल्या ताट्यांचा वास.

तिसऱ्या फेरीला कोणीतरी हसलं.
सातव्याला एक काका बाहेर गेले,
खर्रा घोटून परत आले,
बसले, आणि त्यांचं काही हुकलं नव्हतं.
अकराव्याला खोली गप्प.
बादलीच्या कडेचा पोचा मला तेव्हा दिसला;
महिनाभर हेच कापत बसलो होतो, दिसला नव्हता.
कोणी म्हणालं, ह्या वेळी पाणी कमी ओतलं तिनं.
शपथेवर सांगतो, तोच तुकडा. तेवढंच पाणी.
सोळाव्याला ती चिडलेली होती.
विसाव्याला, शेजारच्या मुलीच्या मते,
कोणाची तरी वाट बघत होती.
चोविसाव्याला मलाही तसंच वाटू लागलं.

एकतिसाव्या फेरीत, बादली हवेत असताना,
लाइन गेली.
कुलर घरघरत थांबला, आणि कळलं,
इतका वेळ आम्ही ज्याला सिनेमातलं पाणी समजत होतो
ते खिडकीतलं होतं.

कोणी उठलं नाही.
काळोखात एक बाई हळूच म्हणाल्या, ओतलं.
जरा वेळानं दुसरं कोणी: पुसलं.
आणि खुर्च्या करकरल्या,
सगळ्या डावीकडे.

मागच्या रांगेतून रंजूचा आवाज आला.
कधी येऊन बसली होती कोण जाणे.
"वाट कायची बाप्पा!
नळ गेला का तं पाहून राह्यली होती मी.
दुसरी बादली लावून होती न तिकडे."

लाइन आली चाळीस मिनिटांनी.
उरलेल्या साडेनऊ फेऱ्या सुरू केल्या.
चौकटीच्या बाहेर, डावीकडे,
आता सगळ्यांना नळ दिसत होता,
बारीक धार, एकाला तर
खालची हिरवी शेवाळही.

"अजून किती आहेत?" रंजूनं विचारलं.
सहा, मी म्हणालो.
"सहा बादल्या?
टाकी भरली न कवाचीच.
सांडून राह्यलं सारं."